भर दुपारची चिंच

फाल्गुन लागला की जालन्यात माझ्या खिडकीखालून चिंचेचे टेम्पो जायला लागतात. एमआयडीसीच्या या रस्त्याला एरवी लोखंडाचा वास असतो. तापलेल्या सळया, जळालेलं ऑइल, सकाळपाळीच्या मोटारसायकलींचा धूर. त्या वासाला मध्येच एक आंबूस धार येते आणि चिंच तोंडात नसताना माझे दात आंबतात. मी खिडकी लावून घेतो. भयपटांचं संकलन करणारा माणूस चिंचेला घाबरतो, असं कुणी म्हणायच्या आत सांगून टाकतो, मी घाबरत नाही. मला त्या वासाचा संशय येतो. दर वर्षी तो काहीतरी परत मागायला आल्यासारखा येतो.

यंदा तो आला तेव्हा मी एका बाईला विहिरीत ढकलत होतो. म्हणजे पडद्यावर. बाई काठावर उभी आहे, मागून एक हात येतो, एवढंच चित्रीकरण होतं. ती नेमकी कधी पडते हे ठरवणं माझ्याकडं होतं. सकाळपासून तिला चाळीसेक वेळा ढकलून झालं होतं. स्वयंपाकघरातून माझी बायको इंदू म्हणाली की त्या बाईला एकदाचं बुडवून टाका, तिचं ओरडणं ऐकता ऐकता माझी डाळ करपली.

लोकांना वाटतं भीती कॅमेऱ्यात असते, नाहीतर तोंडाला फासलेल्या पांढऱ्या पावडरीत असते. ती तिथं नसते. दार उघडतं त्यात भीती नाही. उघडायच्या आधी माणूस दाराकडं किती वेळ बघतो, त्यात आहे. सेकंदाला चोवीस चित्रं असतात. सतराव्या चित्रावर कापलं तर थिएटरातला माणूस हसतो, एकविसाव्यावर कापलं तर शेजारच्याचा हात धरतो. मधली चार चित्रं हा माझा धंदा. एवढ्या चार चित्रांवर मी घर बांधलं, मुलीचं लग्न केलं, आणि चार माणसांशी कायमचं वैर घेतलं.

हे मला कुणी शिकवलं नाही. मी ते सौद्यात शिकलो, चिंचेच्या झाडाखाली.

टेंभुर्णीच्या आमच्या भागात चिंचेचं झाड उभं असतानाच उक्तं विकलं जातं. तोलून मापून नाही, नजरेनं. मालक आणि घेणारा, दोघं झाडाखाली उभे राहतात आणि वर बघतात. फाल्गुनात पानं विरळ झालेली असतात, शेंगा तपकिरी, आतला गर सालीपासून सुटलेला, आणि वारा आला की सगळं झाड बारीक खुळखुळतं. त्या आवाजावरून जाणता माणूस सांगतो की माल किती भरला आहे. बोलत मात्र कुणीच नाही. जो आधी बोलला तो हरला. मी वीस वर्षांचा असल्यापासून हा धंदा केला. बाप एका रोलिंग मिलचा टेम्पो चालवायचा, त्याच्याकडून मला मिळालं ते फक्त तापट डोकं. बाकी सगळं मी स्वतः मिळवलं. झाडाखाली गप्प उभं राहून समोरच्याच्या मानेची शीर बघायची, ती हलली की समजायचं आता हा उतरणार. पुढं पडद्यावर नटांची शीर बघताना मला कधी वेगळं काही करतोय असं वाटलं नाही.

एका झाडाचा भाव मात्र उतरेना. ओढ्याच्या वळणावरचं, उस्मानचाचांचं. तालुक्यात तसलं झाड नव्हतं. शेंगा लांबट, वीतभर, आणि गर इतका गोडसर की पोरं गाभुळलेल्या चिंचांसाठी तिथं पडून असायची. चाचा झाडाखाली तीन दिवस माझ्यासोबत उभे राहिले आणि तिन्ही दिवस त्यांच्या मानेची शीर हलली नाही. दुसरे दोन घेणारेही टपलेले. चौथ्या दिवशी बाजार होता. मी हॉटेलात चहा मागवला आणि कुणाकडंही न बघता विचारलं, "भर दुपारी त्या ओढ्याच्या चिंचेवर बसून कोन चिंचा फोडून राह्यलं हो?"

कुणीतरी विचारलं, कोण म्हणजे? मी म्हणालो, जाऊ द्या. आणि चहा प्यायलो.

ते 'जाऊ द्या' हा माझ्या आयुष्यातला पहिला कट. पुढच्या बाजारापर्यंत त्या फोडणारीला हिरव्या बांगड्या आल्या, माहेर आलं, मरायचं कारण आलं. एकजण म्हणाला त्याच्या आज्यानं तिला पाहिलं होतं. एकीला वरून चिंचोके पडलेले दिसले, ओळीनं, एकामागं एक. यातलं मी काहीही बोललो नव्हतो. मी फक्त जागा सोडली होती, ती गावानं भरली. आमच्याकडं दुपारी बाराची वेळ तशीही चांगली मानत नाहीत, त्यामुळं ती गोष्ट जमिनीत पटकन रुजली. दोन्ही घेणारे सटकले. उस्मानचाचांनी मी सांगितलेल्या किमतीत मला झाड दिलं. देताना माझ्याकडं थोडा जास्त वेळ बघितलं, एवढंच. त्या बघण्याचा अर्थ लावायला मला पंचवीस वर्षं लागली.

आता यातली मूर्खपणाची बाजू ऐका. झाड घेतलं, पण चढणार कोण? गावातले उतरवणारे म्हणाले, दुसरं कोणतंही झाड सांगा. मी धावड्याकडून दोघं भाऊ आणले, तगडे, शेंगा ओढायच्या आकड्या घेऊन आलेले. ते येताना हॉटेलात चहाला थांबले. आल्या एसटीनंच परत गेले. माझीच गोष्ट माझ्या पुढं पळत होती. खरं सांगून टाकावं असं मनात आलं, पण मग सगळा बाजार मला हसला असता आणि पुढच्या हंगामात माझ्या शब्दाला कुणी विचारलं नसतं.

म्हणून मी स्वतः गेलो. दुपारी, एकटा. ओढ्यात पाणी नव्हतं, वाळूतून वाफ येत होती, आणि कुठं एक पाखरू बोलत नव्हतं. मी बुंध्याला हात लावला. वर शेंगा वाजल्या. तो वारा आहे हे मला माहीत होतं. ती बाई कुठून आली हे तर जगात फक्त मलाच माहीत होतं. तरी मी हात काढून घेतला आणि मागं न बघता वळण ओलांडलं.

हे मी आजवर इंदूलाही सांगितलेलं नाही.

त्या वर्षीची चिंच पोपटांनी खाल्ली, मुंग्यांनी खाल्ली, उरलेली वळवाच्या पावसात काळी पडून चिखलात गेली. मी गाव सोडलं. जालन्यात लग्नाच्या कॅसेट तयार करणाऱ्या एका दुकानात लागलो. अक्षता पडताना सगळे हसतात असं लोकांना वाटतं. मला तेव्हापासून न हसणारे दिसायला लागले. एकेक चित्र थांबवून बघायची सवय लागली की माणूस कायमचा बिघडतो. समोरचा 'हो' म्हणतो, पण त्याच्या आधीच्या तीन चित्रांत त्याचे डोळे 'नाही' म्हणून गेलेले असतात. मी दूधवाल्याशीही असाच बोलतो. इंदू म्हणते, तुमच्याशी बोलणं म्हंजी पोलीस ठाण्यात बसणं.

मग पुणे. तिथं भयपट करणाऱ्यांना कमी वेळात काम करून देणारा माणूस पाहिजे असायचा, आणि मी भांडतो पण वेळ पाळतो. एक, दोन, पाच, अकरा सिनेमे. एका दिग्दर्शकाला चहा पिताना ओढ्याच्या चिंचेची गोष्ट सांगितली. तशीच सांगितली, अर्धी. 'जाऊ द्या' म्हणून कपात बघत बसलो. सवय वाईट असते. त्यानं त्यावर सिनेमा केला. सुरुवातीला काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं: सत्य घटनेवर आधारित. मी ती बघितली आणि गप्प राहिलो, कारण संकलक म्हणून माझं नाव पहिल्यांदा सुरुवातीच्या नावांमध्ये एकट्याचं येणार होतं. तसं ठरलं होतं.

त्या सिनेमात मी जीव ओतला. एका फाल्गुनात गुपचूप गावी जाऊन ओढ्याच्या वळणावर लांबून उस्मानचाचांच्या झाडाचा आवाज रेकॉर्ड करून आणला. सिनेमात ती बाई दिसायच्या आधी प्रत्येक वेळी तो खुळखुळाट येतो. लोक सांगतात, बाईपेक्षा त्या आवाजाची भीती वाटते.

जालन्याच्या थिएटरात सगळ्या नातेवाइकांना घेऊन गेलो. सुरुवातीची नावं आली. 'संकलन' या शब्दाखाली दिग्दर्शकाच्या मेव्हण्याचं नाव होतं. त्या मेव्हण्यानं माझ्यासाठी खालून वडापाव आणण्यापलीकडं काही केलं नव्हतं. माझं नाव आलं शेवटी, 'संकलन साहाय्य' म्हणून, जेवण पुरवणाऱ्याच्या वर आणि गाड्या पुरवणाऱ्याच्या खाली. तोवर दिवे लागले होते, दारं उघडली होती, आणि माझा साडू मला चिमटा काढून विचारत होता, "दाजी, तुमचं आलं का गेलं?" मी पुण्याला जाऊन दिग्दर्शकाच्या ऑफिसात चहाचा कप भिंतीवर मारला. काही उपयोग झाला नाही. त्यानंतर मी काम जालन्याला घरी आणलं. माझ्याकडं येणारा प्रत्येकजण मला चोर वाटतो, आणि याबद्दल मला पश्चात्ताप नाही.

तर यंदाच्या फाल्गुनात एकाच आठवड्यात दोन फोन आले.

पहिला त्याच दिग्दर्शकाचा. दुसरा भाग करतोय. या वेळी नाव तुझंच, एकट्याचं, पोस्टरवरसुद्धा. मेव्हणा आता निर्मितीत गेला आहे. फक्त एक काम कर. त्या खऱ्या झाडाखाली उभा राहा आणि कॅमेऱ्यासमोर सांग की तू तो आवाज ऐकलास. जाहिरातीसाठी. मी लगेच हो म्हणालो नाही. तो किती वेळ गप्प राहतो ते मोजलं. तो माझ्यापेक्षा जास्त वेळ गप्प राहिला. मला त्याचवेळी वास यायला पाहिजे होता.

दुसरा फोन राबियाचाचीचा. उस्मानचाचांची बायको. चाचा जाऊन पुष्कळ वर्षं झाली, पोरी सासरी, ती एकटी दीड एकर सांभाळते. माझ्याकडं तिचा नंबर नव्हता, तिच्याकडं माझा होता, हेच मला खटकलं. तिनं इंदूची चौकशी केली, मुलीची केली, आणि म्हणाली की एकदा येऊन जा, झाडाचं बोलायचं हाये. कोणत्या झाडाचं, हे तिनं सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

गेलो. रोजे चालू होते. ती ओसरीवर बसून खाली पडलेल्या चिंचा दगडानं फोडत होती, गर एका सुपात, चिंचोके दुसऱ्या डब्यात. सबंध झाडातून तिला तेवढंच मिळतं, आपोआप पडेल ते. तिनं मला पाणी दिलं, स्वतः प्यायली नाही. मी तिच्या बोलण्याचं एकेक चित्र थांबवून बघत होतो. हिला काय माहीत आहे? किती?

ती झाडाचंच बोलली. पंचवीस वर्षांत कुणी चढलं नाही. शेजारच्या रानात बाया कामाला येतात, दुपारी उन्हात बांधावर बसून भाकरी खातात, पण त्या सावलीत बसत नाहीत. पिक्चर आल्यापासून मोबाईलवाले येतात, गवत तुडवतात, बुंध्याला लिंबू बांधून जातात. वखारवाल्यानं निरोप धाडला आहे, ईद झाली की झाड तोडून नेतो म्हणून. या सालीही चिंच उतरली नाही तर ती देऊन टाकणार आहे. "सावली अन् फळ दोनी काम न्हाई यायलं, मंग ठेवून काय करू?"

मी म्हणालो, वखारीला काहून देती चाची, थांब थोडं. हे बोलताना मला दिग्दर्शक आठवत होता. झाड तुटलं तर जाहिरात कशाखाली करणार?

मग ती म्हणाली, "तुजा पिक्चर पाह्यला मी. जावयानं दाखवला मोबाईलवर."

मी विचारलं, कसा वाटला.

"झाड आमचं न्हाई त्यात. वडाचं झाड हाये."

बरोबर होतं. चिंचेची पानं पडद्यावर बारीक दिसतात म्हणून दिग्दर्शकानं वड घेतला होता. मी हसलो. ती हसली नाही. एक चिंच फोडली, दोरे काढले, गर सुपात टाकला.

"पर आवाज आमच्याच झाडाचा हाये. लांब शेंगांचा. तो असा बारीक येतो. मी त्या आवाजाखाली नांदले, बेटा. मला मालूम व्हनार न्हाई का?"

माझ्या धंद्यात अशा वेळी काय करायचं ते मला येतं. आता गप्प बसायचं आणि समोरच्याला जागा भरू द्यायची. मी गप्प बसलो. आणि तिनं ती भरली.

"तुज्या चाचाला तवाच मालूम झाल्तं. हॉटेलात कोन बोललं, काहून बोललं. मला म्हनले, पोरगं भाव पाडून राह्यलंय. मी म्हनलं, मंग देता काहून? तर म्हनले, हुशार हाये पोरगं, बाप टेम्पो हाकतो, करू दे त्याला चार पैसे. झाडाला काय व्हतं, पुढच्या साली लोक इसरतील."

दगड चालूच होता. तिनं मला बोल लावला नाही, रडली नाही. तसं काही झालं असतं तर मी भडकलो असतो, दोन शब्द उलटे बोललो असतो आणि मोकळा झालो असतो. भांडणात मी कधी हरत नाही. ती भांडलीच नाही. शेवटी म्हणाली, लोक इसरले न्हाईत, तिथं आमी दोघंबी चुकलो, पर आता सांगायचं तर तुज्याबिगर सांगनारा दुसरा कुनी उरला न्हाई.

परत येताना गाडीवर मी सगळ्या वाटेनं तिच्यावर संशय घेत राहिलो. ही पंचवीस वर्षं गप्प का राहिली? आत्ताच का बोलली? जावयानं पढवलं असेल. चाचांचं बोलणं खरं कशावरून? टेंभुर्णीपासून जालन्यापर्यंत मी ते बोलणं पुढं-मागं फिरवून बघितलं. त्यात कुठं जोड सापडला नाही.

दिग्दर्शक ठरल्या दिवशी आला. चार माणसं, दोन गाड्या. दुपारचीच वेळ, कारण गोष्ट दुपारची. शेजारच्या रानातल्या कांदा काढणाऱ्या बाया विळे टाकून बांधावर गोळा झाल्या. मला बुंध्याजवळ उभं केलं. पोस्टरचा नमुना त्यानं मला मोबाईलवर आधीच दाखवला होता. 'संकलन' आणि त्याखाली माझं नाव, एकट्याचं. ते मी किती वेळा मोठं करून बघितलं ते सांगत नाही. कॅमेरा सुरू झाला.

मी म्हणालो, "मी खोटं बोललो." थांबलो. थुंकी गिळली. "तिथं कुणी नव्हतं. कधीच नव्हतं. मला झाड स्वस्तात पाहिजे होतं."

मी वाट बघत होतो की तो चिडेल, शिव्या देईल, आणि मग मलाही मोकळं सुटता येईल. तो नुसता मान हलवत होता. कॅमेरा बंद झाल्यावर जवळ येऊन म्हणाला, फार छान, नाकारणारा माणूस जास्त खरा वाटतो. आणि सामान गाडीत भरायला लागला. बांधावरच्या बायांपैकी एक दुसरीला म्हणाली, ह्येला बोलायला लावलंय.

आठ दिवसांनी जाहिरात आली. मी ती माझ्या टेबलावर एकेक चित्र करून बघितली. 'मी खोटं बोललो' यानंतर मी थांबलो होतो ते थांबणं त्यांनी दुप्पट लांबवलं होतं. मी थुंकी गिळतो तिथं चेहरा जवळून. मग 'तिथं कुणी नव्हतं' या वाक्यात 'कुणी'पर्यंत माझा आवाज आहे, आणि पुढं ओठ हलतात पण शब्द येत नाही. शब्दाच्या जागी शेंगांचा खुळखुळाट येतो. मीच आणलेला. त्यानंतर काळोख. स्वस्तात पाहिजे होतं, ते वाक्यच गेलं. कबूल केलं पाहिजे, काम चांगलं होतं. मी असतो तर तिथंच कापलं असतं. संकलन मेव्हण्याच्या नावावर होतं. माझ्या चेहऱ्याखाली अक्षरं होती: प्रत्यक्षदर्शी. नाव तिथंही नव्हतं.

इंदूनं ते बघितलं. मला वाटलं ती हसेल. ती म्हणाली, तुमी घाबरल्यासारखे दिसता.

मी फोनवर दिग्दर्शकाला जे बोललो ते इथं लिहिता येत नाही. पण फोन ठेवल्यावर लक्षात आलं की ज्याच्यासाठी मी इतकी वर्षं जळत होतो ते नाव आता कधीच येणार नाही, आणि खरं बोलून झाड पूर्वीपेक्षा जास्त भुताचं झालं आहे. राबियाचाचीचा फोन आला. ती जाहिरातीबद्दल एक अक्षर बोलली नाही. म्हणाली, वखारवाला येऊन बुंध्याला दोर लावून माप घेऊन गेला. ईदला नऊ दिवस होते.

कापता येतं ते सगळं खोटं करता येतं, हे मी इतरांना शिकवत आलो. मग कापता न येणारं काय असतं, याचा विचार मला पहिल्यांदाच करावा लागला. दुसऱ्या दिवशी मी मोबाईल घरी ठेवला आणि मोटारसायकल काढली. बाराच्या सुमाराला झाडाखाली जाऊन बसलो. नुसता बसलो.

राबियाचाची माझ्यासाठी भाकरी आणि चिंचेचं सार घेऊन आली. तिला रोजा, आणि मी तिच्यासमोर जेवायचं. मला घास उतरेना. ती म्हणाली, तू जेव, मी सावलीला आले. आम्ही तिथं तीन वाजेपर्यंत बसलो. बांधावरून बाया बघत होत्या. एकीनं ओरडून विचारलं की कॅमेरा कुठं लपवला आहे. मी खिसे उलटे करून दाखवले. तिला ते आणखीच बनावट वाटलं.

दुसऱ्या दिवशी त्यांच्यात असं ठरलं की मला कुणीतरी उतारा सांगितला आहे. तिसऱ्या दिवशी ठरलं की मला झाड फुकटात पाहिजे, म्हणून आता भूत नाही म्हणतोय. हे ऐकून माझं डोकं फिरलं, मी उठून बांधाकडं निघालो, आणि अर्ध्या वाटेत थांबलो. काय सांगणार होतो? एकदा ते खरं होतं. मी परत येऊन बसलो. वर वारा होता, शेंगा वाजत होत्या. इतकी वर्षं मी तो आवाज दीड-दोन सेकंदांचा वापरला. तीन तास ऐकला की त्यात काही राहत नाही. फक्त शेंगा राहतात. चाचीनं वर बोट करून एक फांदी दाखवली, ती पहिल्या पोरीच्या वक्ताला पाळण्याची होती. या खेपेला माझं गप्प राहणं कशासाठीही नव्हतं.

असे सहा दिवस गेले. जालन्यात विहिरीच्या काठावरची बाई तशीच उभी होती, निर्मात्याचे फोन येत होते.

सातव्या दिवशी ऊन फार होतं. बायांचं कांद्याचं काम संपत आलं होतं. त्यांच्यातली मोठी कौसाबाई; तिचा नवरा आणि दीर चिंचा उतरवतात, ती आणि बाकीच्या बाया खाली वेचतात, असं त्यांचं दर फाल्गुनाचं काम. ती भाकरीचं फडकं घेऊन बांधावरून उठली आणि आमच्या बाजूला आली. सावलीत आली नाही. सावली संपते तिथून दोन हात पलीकडं, पूर्वेला, उन्हात बसली, पाठ आमच्याकडं करून. मानेवरून पदर ओढला. जणू आम्ही तिथं नव्हतोच. बाकीच्या बाया बांधावर उभ्या राहून बघत होत्या. राबियाचाचीनं माझ्या हातावर हात ठेवला. मी हाक मारेन अशी तिला भीती वाटली असणार, आणि ती खरी होती.

कौसाबाईनं फडकं सोडलं. मिरची ठेचलेली, भाकरी, कांदा. खाणं सुरू केलं नाही. एकदा मान वळवून झाडाच्या शेंड्याकडं बघितलं, आणि ते बघणं मी ओळखलं. ती भूत शोधत नव्हती, ती माल बघत होती.

सूर्य डोक्यावरून कलला. सावली हळूहळू तिच्याकडं सरकायला लागली. मी हे पडद्यावर कधीच ठेवलं नसतं, पाऊण तासात काहीच घडत नाही म्हणून. आधी तिच्या पाठीमागचं ढेकूळ सावलीत आलं. मग पदराचं टोक. मग पाठ. बांधावरून कुणीतरी तिला हाक मारली. सावली तिच्या खांद्यावरून पुढं उतरली, मांडीवर आली, भाकरीवर आली. ती उठली नाही.

बऱ्याच वेळानं, पाठ तशीच ठेवून, तिनं विचारलं की उतरवायला कधी धरायचं, माणसं उद्याच मोकळी आहेत.

मी तोंड उघडलं. माझ्या आधी राबियाचाची बोलली, सकाळपासून पाण्याचा घोट न घेतलेल्या कोरड्या आवाजात.

"आदी जेवून घे, कौसा."